कोच ड्वायर यांच्या बदल्या

वॉल्टर ड्वायर गेल्याचं श्रेयसने शॅननहून फोनवर सांगितलं आणि पाठोपाठ म्हणाला, "बाबा, कॉलेजची मुलं त्यांच्यासाठी छोटासा कार्यक्रम करतायत. तुम्ही चार ओळी पाठवा ना. तुमची एवढी दोस्ती होती."

रविंद्र घारपुरे सांगलीच्या घरात फोन कानाला लावून उभे होते. दोस्ती? जेमतेम तीन महिन्यांचा शेजार. त्या माणसाला मुलंबाळं होती का, तो रविवारी चर्चला जायचा की नुसताच फिरायला, यातलं त्यांना काही ठाऊक नव्हतं. तो चहात साखर किती घ्यायचा हेसुद्धा बायकोला, सुरेखाताईंना, विचारावं लागलं असतं. शिवाय ज्या खेळात त्याचं सगळं आयुष्य गेलं तो खेळ रविंद्ररावांना अर्धाच कळला होता, आणि कळलेला अर्धा भाग नेमका कोणता, याचीही त्यांना खात्री नव्हती.

"मला कुठलं जमायला," ते म्हणाले. "त्यांना नीट ओळखणारा कोणीतरी बघ."

"सगळे हेच म्हणतायत," श्रेयस म्हणाला.

तर रविंद्ररावांना ठाऊक होतं ते पुढे आहे एवढंच.

गेल्या मार्चमध्ये रविंद्रराव आणि सुरेखाताई पहिल्यांदाच मुलाकडे आयर्लंडला, शॅननला गेले. श्रेयस आणि सून निहारिका सकाळीच कामाला बाहेर पडत. पहिल्याच आठवड्यात एका सकाळी सुरेखाताई दुकानात गेल्या होत्या, नात रेवाला शाळेची सुट्टी होती, आणि दाराची बेल वाजली. परक्या देशात बेल वाजली की रविंद्रराव आधी स्वयंपाकघरात जात. रेवानेच दार उघडलं आणि आत ओरडली, "आजोबा, युअर मॅन फ्रॉम नेक्स्ट डोअर वॉन्ट्स अवर बिन!" 'युअर मॅन' म्हणजे इकडच्या बोलीत नुसतंच 'तो माणूस'.

दारात एक सत्तरी ओलांडलेला, दरवाजाएवढा रुंद अमेरिकन उभा होता. गुडघ्यांनी तो म्हातारा होता, खांद्यांनी नव्हता. त्याला घरापुढचा कचऱ्याचा तपकिरी डबा हवा होता. चाकं असलेला, कमरेच्या वर येणारा. रिकामा असला तर बरं, भरलेला असला तरी चालेल. रविंद्ररावांच्या साऱ्या नोकरीत कोणी त्यांच्याकडे कचरा मागितला नव्हता. ते "येस सर" म्हणाले आणि नियमांत बसतं का ते बघायला डब्यामागून गेले.

शेजारच्या परसात काळे, हिरवे, तपकिरी असे डबे दोन रांगांत उभे होते. अख्ख्या गल्लीचे असावेत. म्हाताऱ्याने घारपुऱ्यांचा डबा एका जागी नेऊन उभा केला, मागे सरकून पाहिलं, मोजलं आणि वैतागला.

"समोरच्या संघाचे अकरा लागतात. दहाच झाले." मग त्याने रविंद्ररावांकडे वरपासून खालपर्यंत बघितलं. "तुम्हाला घाई आहे का?"

घाई नव्हती. तेव्हा रविंद्रराव एका हिरव्या आणि एका काळ्या डब्याच्या मधोमध, हात किंचित पसरून उभे राहिले. काम एवढंच होतं की हलायचं नाही. पाटबंधारे खात्यातल्या नोकरीनंतर हे काम त्यांना जड नव्हतं. म्हातारा डब्यांसमोर वाकून, एक हात गवतावर टेकवून, स्वतःशीच काही पुटपुटत पुढे यायचा, खांदा डब्याच्या एक वीत आधी थांबवायचा आणि पुन्हा मागे जायचा. इतक्यात कुंपणापलीकडून सुरेखाताईंचा आवाज आला.

"अहो! कचऱ्यात काय उभे आहात?"

"हलता येत नाही," रविंद्रराव ओठ न हलवता म्हणाले. "मी समोरच्या संघात आहे."

ओळख झाली ती अशी. म्हाताऱ्याला गल्लीत सगळे 'कोच' म्हणत. तो अमेरिकेतल्या ओहायोचा. तिथे ज्याला फुटबॉल म्हणतात त्यात पायाचं काम कमी आणि खांद्याचं जास्त. लांबट चेंडू काखेत मारून पळायचं, चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढे सरकायचं, सरकता आलं तर आणखी चार प्रयत्न मिळतात, नाही आलं तर चेंडू दुसऱ्यांचा. चेंडूवाल्याच्या पुढे पाच धिप्पाड गडी एका ओळीत वाकून उभे असतात. त्यांनी चेंडूला हात लावायचा नाही, फक्त समोरच्याला अडवायचं. कोणी त्यांचं नाव घेत नाही, फोटो काढत नाही. ड्वायर आयुष्यभर त्या पाच जणांचे कोच होते. मुख्य कोच नव्हेत, हाताखालचे.

ते आपल्या नोकरीची हकीकत सांगत ती तुकड्यातुकड्यांनी, मध्ये डबे सरकवत. एका छोट्या कॉलेजात तीन वर्षं, मग काढलं. दुसऱ्या राज्यात दुसऱ्या कॉलेजात, मग काढलं. तिकडे रीतच अशी होती की संघ हरत राहिला की मुख्य कोचला घालवतात आणि त्याच्याबरोबर हाताखालच्या सगळ्यांना.

"काढलं म्हणजे?" रविंद्ररावांनी न राहवून विचारलं. "बदली?"

"नाही. काढलं."

"निलंबित? चौकशी वगैरे?"

"रवी, काढलं. दुपारी बोलावलं, हात मिळवला, संध्याकाळी बायकोला सांगितलं."

रविंद्ररावांना हे पचेना. त्यांच्या कचेरीत जन्मात एकच माणूस निलंबित झाला होता, आणि तोही वर्षभराने हार घालून परत आला. बाकी जत, चिपळूण, कोयनानगर अशा बदल्या त्यांच्या स्वतःच्या झाल्या, सामानाचा टेम्पो भरता भरता सुरेखाताई दर वेळी खात्याच्या नावाने बोटं मोडत. तेव्हा मनातल्या मनात ते कोचच्या आयुष्याला बदल्याच म्हणू लागले. "मग पुढची बदली कुठे झाली?" असं विचारत, आणि कोचलाही तो शब्द आवडला. पुढे पुढे ते स्वतःच म्हणत, "कान्ससमध्ये असताना माझी फार वाईट बदली झाली."

त्यांची बायको ब्रीडा मूळची इकडचीच, क्लेअर काउंटीतली. नर्स म्हणून अमेरिकेला गेली, तिथे यांच्याशी लग्न केलं आणि यांच्यामागे गावोगाव फिरली. ते निवृत्त झाल्यावर ती म्हणाली, "आजवर तुझी कॉलेजं म्हणतील तिथे राहिले. आता मी म्हणेन तिथे तू." अशी ही शॅननची बदली. पण महिन्याभरात तिला स्वयंपाकघरातल्या प्रेसमध्ये, म्हणजे इकडे कपाटाला प्रेस म्हणतात त्यात, घेवड्याचे डबे अकरा विरुद्ध अकरा असे मांडलेले सापडले. तिनेच मग लिमरिकच्या एका कॉलेजला फोन केला. तिथे मुलांनी अमेरिकन फुटबॉलचा संघ काढला होता आणि त्यांना फुकटात कोच हवा होता.

अशा रीतीने वॉल्टर ड्वायर पहिल्यांदाच मुख्य कोच झाले, आणि दोन वर्षांत एकही सामना जिंकले नाहीत. आता कॉलेजने कळवलं होतं की या हंगामात एक तरी विजय दिसला नाही तर संघ बंद.

"मुलांचं काय, मुलं दुसरं काही खेळतील," कोच एकदा रविंद्ररावांना म्हणाले. "पण मला एकदा बघायचंय. जिंकलेल्या मुख्य कोचच्या शेजारी मी पुष्कळदा उभा राहिलोय. त्याच्या जागी उभं राहून कसं वाटतं ते ठाऊक नाही."

रविंद्ररावांनाही कधी साहेबांच्या खुर्चीत बसायला मिळालं नव्हतं. ते पुढच्या शनिवारी सामना बघायला गेले. सुरेखाताई थर्मास आणि धपाटे घेऊन बरोबर. त्यांना खेळाशी देणंघेणं नव्हतं, पण त्या संघातला वेदांत वाकोडे त्यांच्या मायेतला झाला होता. हा नागपूरचा पोरगा लिमरिकला एम. एस्सी. करायचा, रविवारी श्रेयसकडे जेवायला यायचा आणि तीन माणसांचं जेवायचा. कोचनी त्याला पहिल्यांदा पाहिलं ते कॅन्टीनच्या दारात. तिथेच त्याला ओळीत घेतलं.

"मला पळायला नाही सांगत, काकू," वेदांत म्हणाला होता. "फक्त उभं राहायचं आणि कोणाला येऊ नाही द्यायचं. एकदम हॉस्टेलच्या बाथरूमसारखं."

पहिला सामना पाहून रविंद्ररावांचं मत असं झालं की हा खेळ म्हणजे सरकारी काम आहे. पाच सेकंद धुमश्चक्री, मग सगळे गोल करून मीटिंग. पुन्हा पाच सेकंद, पुन्हा मीटिंग. पण दर थोड्या वेळाने पंच एक पिवळा रुमाल भिरकावी, वेदांतकडे बोट दाखवी आणि संघाला पाच यार्ड मागे ढकली. कोच टोपी काढून डोकं खाजवीत.

घोळ असा होता. ओळीतल्या गड्याने वाकून एकदा हात जमिनीला टेकवला की चेंडू हलेपर्यंत तो हात उचलायचा नाही. उचलला की पाच यार्डांचा दंड. आणि वेदांत लहानपणापासून कबड्डी खेळलेला. मैदानात उतरला की त्याचा हात आपोआप मातीला लागायचा, आणि मातीला लागलेला हात आपोआप कपाळाला जायचा. हात टेक, कपाळाला लाव, रुमाल पड, पाच यार्ड मागे.

रविंद्ररावांना हे पहिल्याच रुमालाला कळलं. पण ज्या माणसाने जन्मभर हा खेळ शिकवला त्याला आपण काय सांगणार, असं वाटून ते दोन सामने गप्प बसले. दोन्ही सामने गेले. तिसऱ्याच्या आदल्या रविवारी कोच श्रेयसच्या स्वयंपाकघरात चहा घेत बसले होते.

"मुलगा चांगला आहे," ते म्हणाले. "पण त्याच्या कपाळाचं काय ते समजत नाही. घाम येतो वाटून मी डोक्याला पट्टासुद्धा आणून दिला."

सुरेखाताईंना इंग्रजी बोलायला नको वाटे, समजत मात्र सगळं असे. त्यांनी कढई आपटली. "घाम कसला डोंबलाचा! पाया पडतोय तो मैदानाच्या. सांगा की त्यांना! दोन सामने बघताय तोंडाला कुलूप लावून."

रविंद्ररावांचे कान लाल झाले. त्यांचं इंग्रजी कचेरीतल्या पत्रांत घडलेलं. तेच कामाला आलं.

"सर, तो परवानगी मागतोय. मैदानाची. आपण आता जमिनीवर पाय आपटणार, म्हणून आगाऊ विनंती."

कोचनी कप खाली ठेवला. "मग मैदान काय म्हणतं?"

"सहसा हरकत घेत नाही."

"दर वेळी मागावी लागते?"

हा प्रश्न अधिकाराबाहेरचा होता. पण सुरेखाताई कढईमागून बघत होत्या. रविंद्ररावांनी घसा साफ केला. "एकदा घेतलेली परवानगी सामना संपेपर्यंत ग्राह्य धरावी, असं मला वाटतं."

वेदांतला व्हिडिओ दाखवला तेव्हा तो हबकला. "मी असं करतो? हर बार? काका, आईशप्पथ, मला माहीतच नाही यार!" आणि माहीत झाल्यावर तर कहरच झाला. आता तो हात जमिनीवर दाबून धरी आणि तो हात मोटारीच्या इंजिनासारखा थरथरे. तिसऱ्या सामन्यात त्याहीबद्दल दंड बसला. कोणीही म्हणालं असतं, पोराला बसवा बाहेर. श्रेयस म्हणालाच.

कोचनी वेदांतला नमस्कार सोडायला सांगितलं नाही. सवय मोडत नाही, तिची जागा बदलता येते, असं ते म्हणाले. ओळीच्या गड्यांना शिकवून शिकवून त्यांना तेवढं कळलं होतं. त्यांनी हुकूम काढला की प्रत्येक मीटिंगच्या शेवटी, ओळीत जाण्याआधी, अकराच्या अकरा जणांनी मातीला हात लावून कपाळाला लावायचा. आठवडाभर रोज संध्याकाळी हेच. वेदांतचा हात मीटिंगमध्येच शांत होई आणि ओळीत मग नुसता जमिनीवर राही. बाकीच्यांनी कारण विचारलं नाही. आयरिश मुलांना वाटलं ही अमेरिकेची पद्धत आहे. संघातल्या दोन नायजेरियन मुलांना वाटलं ही आयरिश पद्धत आहे. कॉर्ककडच्या एका गावंढळ मुलाला ती इतकी आवडली की तो बसमध्ये चढतानाही पायरीला हात लावू लागला.

हंगामाचा शेवटचा सामना ड्रोहेडाकडच्या संघाशी होता. आडवा पाऊस, आडवा वारा. ब्रीडा नेहमीसारखी गाडीत काचा लावून रेडिओ ऐकत बसली. नवऱ्याचे सामने ती बघत नसे. हरल्यावर सामान बांधायची पाळी आपली, मग आधीपासून कशाला भिजायचं, असं तिचं म्हणणं. मैदानाच्या कडेला रविंद्रराव आणि सुरेखाताई एका छत्रीत उभे होते.

सामना संपायला दोन मिनिटं असताना कोचचा संघ तीन गुणांनी पुढे होता. चौथा प्रयत्न, एक यार्ड हवा. तो मिळाला की चेंडू आपल्याचकडे राहणार आणि वेळ संपणार. नाही मिळाला तर चेंडू ड्रोहेडाकडे, आणि त्यांचे पळणारे गडी जबर होते. चेंडू लाथेने दूर उडवून द्यावा, असं कडेची मुलं ओरडत होती. कोचनी मान हलवली आणि बोटाने दाखवलं: वेदांतच्या बाजूने घुसायचं.

"देवा, त्याच्याच का," सुरेखाताई म्हणाल्या.

मीटिंगमध्ये अकरा हात मातीला लागले, अकरा कपाळांना लागले. गडी ओळीत आले. वेदांतने वाकून हात टेकवला. ड्रोहेडाची मुलं हुशार होती, त्यांनी आधीच्या सामन्यांचे व्हिडिओ बघितले होते. हा जाडा गडी हटकून हलतो हे त्यांना ठाऊक होतं. "हलतोय बघ! हात हलतोय!" ती ओरडू लागली. चेंडू पुढे येईना. वेदांतची बोटं चिखलात रुतलेली दिसत होती. सुरेखाताईंनी रविंद्ररावांचा दंड इतका आवळला की पुढे दोन दिवस दुखत होता.

पिवळा रुमाल हवेत गेला.

कडेची मुलं डोकं धरून खाली बसली. कोचनी डोळे मिटले. आणि पंचाने बोट दाखवलं ते दुसऱ्या बाजूला. वेदांत कधी हलतो याची वाट बघता बघता ड्रोहेडाचाच एक पोरगा चेंडू हलण्याआधी तोल जाऊन पुढे आला होता. पाच यार्ड पुढे! वेदांत अजून तसाच वाकलेला, हात जमिनीवर. त्याला कोणी सांगितलंच नव्हतं की आता उठायला हरकत नाही.

"म्हणजे काहीच न करता जिंकलो?" रविंद्रराव म्हणाले.

"काहीच कसं? हलला नाही ना!" सुरेखाताई चिडून म्हणाल्या आणि पदराने डोळे पुसू लागल्या.

सामना संपल्यावर कोच समोरच्या कोचशी हात मिळवून आले, मग गाडीपाशी गेले. ब्रीडाने काच चार बोटं खाली केली.

"किती?"

"जिंकलो."

तिने रेडिओ बंद केला. "मग आता काय करायचं असतं?"

"मला काय विचारतेस," कोच म्हणाले. "मला सवय नाही."

दोनेक आठवड्यांनी कुंपणाच्या वरून त्यांनी रविंद्ररावांना हाक मारली. कॉलेजचं पत्र आलं होतं. संघ चालू राहणार. इतकंच नाही, वृत्तपत्रात दोन ओळी आल्यामुळे कॉलेज खूश होतं आणि पैसे मंजूर झाले होते. त्या पैशातून डब्लिनचा एक तरुण, रीतसर प्रमाणपत्र असलेला मुख्य कोच नेमला होता.

"म्हणजे तुम्हाला..."

"काढलं," कोच म्हणाले. "आजवर हरलो म्हणून काढायचे. जिंकलो म्हणून पहिल्यांदाच. रवी, ही बढती समजायला हवी." आणि ते इतके हसले की पलीकडच्या घरातला कुत्रा भुंकू लागला.

रविंद्ररावांना हसू येईना. आयुष्यात पहिल्यांदा त्यांना कोणासाठी तरी भांडावंसं वाटलं, आणि भांडायची त्यांना एकच रीत माहीत होती. "आपण निवेदन देऊ," ते म्हणाले. "मसुदा मी करतो. विषय, संदर्भ, सगळं घालून. वरपर्यंत प्रती पाठवू."

"नको." कोच कुंपणावर कोपरं टेकवून उभे राहिले. "त्यांनी विचारलंय, ओळीच्या पाच जणांना शिकवशील का, नव्या पोराच्या हाताखाली. मी हो म्हटलंय."

"हाताखाली? पुन्हा?"

"मुख्य कोचला काय काम असतं सांगू? हाताची घडी घालून गुण किती झाले ते बघायचं. दोन वर्षं मला एकाही पोराचं कोपर धरून नीट करायला वेळ मिळाला नाही. फक्त वेदांतचं केलं, तेवढा आठवडा बरा गेला." मग म्हणाले, "जिंकल्यावर त्या जागेवर उभं राहून कसं वाटतं ते बघायचं होतं. बघितलं. वारा फार लागतो."

मेअखेरीस घारपुरे परत निघाले, आणि कोचशी शेवटचं बोलणं झालं ते त्या सकाळी. श्रेयसची गाडी फाटकासमोर आडवी उभी होती आणि तो मागच्या बाजूला बॅगा कोंबत होता. सुरेखाताई आतून काय काय राहिलं ते ओरडून सांगत होत्या. कोच शिट्टी गळ्यात अडकवून बाहेर आले. त्या दिवशी नव्या कोचबरोबर पहिला सराव होता.

"विमान किती वाजता?" त्यांनी विचारलं.

"दुपारी आहे. पण आमच्या हिला आधी जाऊन बसायचं असतं."

"सगळ्यांच्या हिला बसायचं असतं." त्यांनी घड्याळ बघितलं. "रवी, तुझ्या मुलाला गाडी जरा पुढे घ्यायला सांगतोस? मला बाहेर पडायचंय. तो पोरगा वेळेवर सुरू करतो म्हणे."

"हो, सांगतो," रविंद्रराव म्हणाले. "एक मिनिट हं."